दूरचित्रवाणीचे पहिले दिवस आणि एक अभिनेत्री

कीर्तनाला बसलेल्या श्रोत्याला एक गोष्ट कोणी शिकवावी लागत नाही. बुवांच्या तोंडून एकदा निघालेला शब्द परत घेता येत नाही. ओवी चुकली, सूर घसरला, आख्यानात एखादे नाव आठवले नाही, तर त्या चुकीसकट पुढे जावे लागते. आणि मृदंगाची साथ, टाळकऱ्यांचे भान व बुवांचे प्रसंगावधान यांच्या बळावर ती चूक बहुधा झाकलीही जाते. रंगभूमीवरील नटाची स्थिती याहून निराळी नाही. पडदा वर गेला की त्याला माघार नाही. चित्रपटातील नटाचे मात्र तसे नसते. वाक्य चुकले तर ते पुन्हा घेता येते, दहा वेळा घेता येते, आणि त्या दहांतील उत्तम तेवढेच प्रेक्षकांपुढे येते.

या दोन स्थितींच्या मधोमध, विसाव्या शतकात, एक तिसरीच स्थिती काही वर्षे नांदून गेली. नट कॅमेऱ्यापुढे उभा, म्हणजे चित्रपटासारखा. त्याच्या पापणीची हालचालही दिसावी इतका प्रेक्षकांच्या जवळ. परंतु माघार घेणे मात्र नाटकाइतकेच अशक्य. ही स्थिती म्हणजे दूरचित्रवाणीवरून थेट प्रक्षेपित होणारे नाटक. स्टुडिओत नट ज्या क्षणी वाक्य बोले, त्याच क्षणी ते कित्येक कोसांवरील घरांत ऐकू येई, आणि पुढच्या क्षणी ते कायमचे नाहीसे होई. या कलेत ज्या अभिनेत्रींनी आयुष्याची काही वर्षे वेचली त्यांचे काम कसे होते, त्यांच्याजवळ कोणते गुण असावे लागत, आणि आपल्या मराठी मुलखात त्या परंपरेच्या सर्वांत जवळ जाणारी अभिनेत्री कोण, याचा विचार या लेखात करावयाचा आहे. त्या अभिनेत्रीचे नाव भक्ती बर्वे. तिच्यापर्यंत जाण्यापूर्वी हा प्रकार मुळात चालत कसा असे, हे नीट समजून घेतले पाहिजे.

थेट नाटकाची यंत्रणा

एक मोठे दालन डोळ्यांसमोर आणावे. नाटकात घर, कचेरी आणि रस्ता अशी तीन स्थळे असतील, तर ती तिन्ही त्याच दालनात शेजारीशेजारी उभी केलेली. रंगभूमीवर एक प्रवेश संपला की पडदा पाडून नेपथ्य बदलता येते. येथे तशी सोय नाही. म्हणून घरातील प्रवेश संपताच नटी पावलांचा आवाज होऊ न देता कचेरीकडे धावत जाणार, जाताजाता कोणीतरी तिच्या खांद्यावर शाल टाकणार, आणि श्वास जड झाला आहे हे चेहऱ्यावर न दाखवता ती खुर्चीत बसून पुढचे वाक्य बोलणार. दालनात तीन-चार अवजड कॅमेरे चाकांवर फिरत असतात. त्यांच्या जाड तारा जमिनीवर पसरलेल्या असतात. डोक्यावर प्रखर दिव्यांची उष्णता असते. एका लांब दांड्याला टांगलेला ध्वनिग्राहक नटांच्या डोक्यांवरून सरकत असतो, आणि त्याची सावलीसुद्धा चित्रात येता कामा नये.

कोणत्या कॅमेऱ्याचे चित्र बाहेर जावयाचे, हे दुसऱ्या एका खोलीत ठरते. तेथे निर्मात्यासमोर प्रत्येक कॅमेऱ्याचे चित्र एकाच वेळी दिसत असते, आणि त्यांतील एक निवडून ते बाहेर सोडावयाचे असते. चांदूरच्या मंडळींना हे समजावयास बडनेऱ्याचे उदाहरण पुरे आहे. जंक्शनमध्ये रूळ अनेक असतात. परंतु एका गाडीला एका वेळी एकच रूळ मिळतो. सांधा कोणत्या क्षणी फिरवावयाचा, याचे भान सांधेवाल्याला असावे लागते. क्षणभर उशीर झाला तर गाडी भलतीकडे जाते. थेट नाटकात निर्माता हा तसा सांधेवाला. त्याचा सांधा उशिरा फिरला तर प्रेक्षकांस दिसे ते नटीचे रडणे नव्हे, नेपथ्याची मागची कच्ची बाजू किंवा एखादा गडबडलेला कामगार.

नटीला या सर्वांचे भान ठेवावे लागे. जमिनीवर खडूने किंवा पट्टीने केलेल्या खुणेवरच थांबावयाचे. वीतभर पुढे गेले तर चेहरा अंधुक होतो. कोणत्या कॅमेऱ्यावरचा दिवा लागला आहे, हे मान न वळवता ओळखावयाचे. रंगभूमीवर शेवटच्या रांगेला ऐकू जावे म्हणून आवाज फेकावा लागतो. येथे तो आवरावयाचा. रंगभूमीवर प्रेक्षकांचे हसणे व उसासे नटीला आधार देतात. येथे समोर काच आणि काळोख. विंगेत उभा राहून विसरलेले वाक्य पुरविणारा प्रॉम्प्टरही येथे फार उपयोगी पडत नसे, कारण त्याचा आवाज नटीबरोबर सगळ्या घरांत पोहोचण्याची भीती. आणि या सर्वांवर घड्याळाचा अंमल. नाटक ठरलेल्या मिनिटाला संपलेच पाहिजे, कारण त्यामागून दुसरा कार्यक्रम उभा असतो. म्हणून नट हळू बोलत असले तर त्यांना घाई करण्याची, व घाई करीत असले तर रेंगाळण्याची खूण कॅमेऱ्यामागून हातांनी केली जाई. आणि मरणाच्या प्रसंगातही नटीला डोळ्याच्या कोपऱ्यातून ती खूण टिपावी लागे.

पहिल्या नट्या

या प्रकाराचा आरंभ अमेरिकेत झाला. ११ सप्टेंबर १९२८ रोजी न्यूयॉर्क राज्यातील स्कनेक्टडी या गावाहून ‘द क्वीन्स मेसेंजर’ ही एकांकिका दूरचित्रवाणीवरून दाखविण्यात आली. पात्रे दोन, एक स्त्री व एक पुरुष. स्त्रीचे काम करणारी इझेटा ज्युएल ही मूळची रंगभूमीवरील अभिनेत्री. मध्यंतरी ती रंगभूमी सोडून राजकारणात उतरली होती, आणि अमेरिकेच्या सिनेटसाठी आपल्या पक्षाची उमेदवारी मिळावी म्हणून तिने दोनदा प्रयत्नही केला होता. त्या काळच्या यंत्रात एका वेळी फक्त चेहरा मावे, तोही तळहाताहून लहान चौकटीत. म्हणून दोन कॅमेरे दोन चेहऱ्यांसाठी आणि तिसरा हातांसाठी ठेवला होता. गंमत अशी की ते हात मुख्य नटांचे नव्हते! पेला, किल्ली, पत्र अशा वस्तू हाताळण्यासाठी निराळ्या दोन व्यक्ती बसविल्या होत्या. म्हणजे भूमिका एक, चेहरा एकाचा आणि हात दुसऱ्याचे. आपल्याकडील कळसूत्री बाहुल्यांच्या खेळात बोलणारा एक व बाहुली नाचविणारा दुसरा असतो, त्याचीच येथे आठवण व्हावी.

पुढे इंग्लंडमध्ये २ नोव्हेंबर १९३६ पासून बी.बी.सी.ची नियमित दूरचित्रवाणी सुरू झाली. महायुद्धात ती बंद पडली आणि १९४६ साली पुन्हा चालू झाली. दुसऱ्या महायुद्धानंतरची दहा-बारा वर्षे हा थेट नाटकाचा भराचा काळ होय. रविवारी रात्री नाटक दाखवावयाचे, आणि ते पुन्हा दाखवावयाचे असेल तर त्याच नटसंचाने गुरुवारी सर्व नाटक पहिल्यापासून पुन्हा करावयाचे, अशी तेथील रीत होती. जॉर्ज ऑर्वेलच्या ‘नाइन्टीन एटी-फोर’ या कादंबरीचे नाट्यरूप १२ डिसेंबर १९५४ च्या रविवारी असेच दाखविले गेले. नायिका होती इव्हॉन मिचेल आणि नायक पीटर कुशिंग. त्यातील छळाचे प्रसंग पाहून इंग्लंडात मोठे काहूर उठले. वाद पार्लमेंटपर्यंत गेला. तरीही १६ डिसेंबरच्या गुरुवारी त्याच मंडळींनी सर्व नाटक पुन्हा उभे केले. रविवारच्या प्रयोगाचे मुद्रण झालेच नाही. आज जो उपलब्ध आहे तो गुरुवारचा प्रयोग, पडद्यावरील चित्राचे फिल्मवर चित्रण करून ठेवलेला. ज्या प्रयोगाने देश हादरला, तो प्रयोग कोणालाही पुन्हा पाहता येणार नाही.

माघार नसणे म्हणजे काय, याचे सर्वांत दारुण उदाहरण ३० नोव्हेंबर १९५८ रोजी घडले. ‘अंडरग्राउंड’ नावाचे नाटक इंग्लंडमध्ये थेट दाखविले जात होते. गॅरेथ जोन्स नावाचा तरुण नट आपल्या दोन प्रवेशांच्या मधल्या वेळात हृदयविकाराने कोसळला आणि मरण पावला. नाटक चालूच होते. दिग्दर्शक टेड कोचेफ आणि उरलेले नट यांनी त्याची वाक्ये आपसांत वाटून घेतली, प्रसंग फिरवून घेतले, आणि नाटक शेवटास नेले. सहकाऱ्याला काहीतरी भयंकर झाले आहे हे उमजूनही चेहऱ्यावर त्याची छाया पडू न देणे, ही त्या रात्रीची अट होती.

या शाळेतून तावूनसुलाखून निघालेल्या नट्या पुढे कोठेही उभ्या राहू शकल्या, यात नवल नाही. अमेरिकेतील इव्हा मेरी सेंट हिचे उदाहरण घ्या. १९५३ साली ‘द ट्रिप टू बाउंटिफुल’ या थेट प्रक्षेपित नाटकात तिने लिलियन गिश या ज्येष्ठ अभिनेत्रीबरोबर काम केले. त्याच वर्षी तेच नाटक न्यूयॉर्कच्या रंगभूमीवर आले, तेथेही ती होती. पुढच्या वर्षी ‘ऑन द वॉटरफ्रंट’ या चित्रपटात तिने काम केले आणि त्याबद्दल तिला ऑस्कर पारितोषिक मिळाले. इतके झाल्यावरही १९५५ साली ती ‘अवर टाउन’च्या थेट प्रयोगात उभी राहिली. तेथे मिळणारी धार दुसरीकडे मिळत नाही, हे तिने ओळखले असावे.

फीत आली आणि काय बदलले

१९५६ साली अमेरिकेतील अँपेक्स कंपनीने चित्र व ध्वनी दोन्ही चुंबकीय फितीवर साठविण्याचे यंत्र बाजारात आणले, आणि त्याच वर्षाच्या अखेरीस ते प्रत्यक्ष प्रक्षेपणात वापरले गेले. यानंतर थेट नाटक हळूहळू मागे पडले. आधी मुद्रण करावे, चुका असल्या तर पुन्हा करावे आणि मग दाखवावे, हा मार्ग अर्थातच सोयीचा. परंतु दोन गोष्टी ध्यानात ठेवल्या पाहिजेत. पहिली अशी की आरंभीच्या काळात फीत कापून जोडणे हे कष्टाचे व जोखमीचे काम होते. त्यामुळे फितीवर मुद्रित होणारे नाटकसुद्धा लांबच लांब पट्ट्यांत, न थांबता, थेट नाटकाच्याच शिस्तीने करावे लागे. दुसरी गोष्ट अधिक खेदाची. फीत महाग होती, आणि ती पुसून तिच्यावर पुन्हा मुद्रण करता येई. म्हणून जगातील अनेक केंद्रांवर जुनी नाटके पुसून त्यांच्या जागी नवे कार्यक्रम भरले गेले. पूर्वी साधन नव्हते म्हणून नाटक नाहीसे होई. आता साधन असून माणसाच्या हाताने ते नाहीसे होऊ लागले.

आपल्याकडील आरंभ

भारतात दूरचित्रवाणीचा आरंभ १५ सप्टेंबर १९५९ रोजी दिल्लीत झाला. प्रयोग म्हणूनच तो होता. आठवड्यातून दोनच दिवस कार्यक्रम, तेही दिल्ली शहर व आसपासच्या टापूपुरते. रोजचे कार्यक्रम १९६५ साली सुरू झाले. या पहिल्या घडणीत एक मराठी माणूस होता, ही गोष्ट आपणांस अभिमानाची आहे. पु. ल. देशपांडे तेव्हा आकाशवाणीत होते. दूरचित्रवाणीच्या प्रशिक्षणासाठी त्यांना बी.बी.सी.कडे पाठविण्यात आले होते, आणि पंडित नेहरूंची भारतीय दूरचित्रवाणीवरील पहिली मुलाखत त्यांनी घेतली. ज्या देशात थेट नाटक ऐन भरात होते, त्या देशात जाऊन ते शिकून आले होते. त्यांचे नाव येथे मुद्दाम सांगितले, कारण आपल्या अभिनेत्रीच्या आयुष्यात ते पुढे पुन्हा येणार आहे.

देशातील दुसरे केंद्र मुंबईचे. वरळी येथून २ ऑक्टोबर १९७२ रोजी ते सुरू झाले, आणि पुढच्या वर्षी सिंहगडावरील मनोऱ्यातून पुण्याला ते कार्यक्रम दिसू लागले. चित्र काळेपांढरेच, रंग यावयास १९८२ साल उजाडले. मुंबई केंद्र सुरू झाले तेव्हा फितीचे यंत्र जगात अवतरून सोळा वर्षे झाली होती. म्हणून मुंबईचा आरंभ आणि लंडनचा आरंभ अगदी एकसारखा नव्हता. तथापि बातम्या व निवेदन तेथे थेटच होत असे. आज वृत्तनिवेदकासमोर अक्षरे सरकविणारे यंत्र असते; त्या काळी हातात कागद असे. कागदावरील वाक्य डोळ्यांनी उचलावयाचे, मान वर करून ते प्रेक्षकांस सांगावयाचे, आणि परत त्याच ओळीवर न चुकता उतरावयाचे. बातमी ऐन वेळी बदलली तर वाचून पाहण्यासही सवड नाही. माघार नसलेल्या अभिनयाचा जो कस आपण वर पाहिला, तोच येथे निराळ्या वेषात होता.

भक्ती बर्वे यांची तीन विद्यालये

भक्तीबाईंचा जन्म १० सप्टेंबर १९४८ रोजी सांगलीत झाला. मराठी नाटकाच्या जन्मगावी जन्मलेल्या या मुलीने पहिले धडे बालरंगभूमीवर घेतले. सुधा करमरकर यांनी १९५९ साली मुलांसाठी ‘लिटल थिएटर’ सुरू केले होते, आणि भक्तीबाई तेथे बालकलाकार होत्या. मुलांच्या नाटकाचा प्रेक्षक मोठा कठोर असतो. त्याला कंटाळा आला तर तो शिष्टाचार म्हणून गप्प बसत नाही; तो सरळ शेजाऱ्याशी बोलू लागतो. त्याला धरून ठेवणे हे ज्याला लहानपणी साधले, त्याला पुढे कोणताही प्रेक्षक अवघड जात नाही. हे त्यांचे पहिले विद्यालय.

दुसरे विद्यालय आकाशवाणीचे. मुंबई केंद्रावर त्यांनी निवेदिका म्हणून काम केले. तेथे चेहरा नाही, हातवारे नाहीत, वेशभूषा नाही. जे काही सांगावयाचे ते आवाजाने. ‘श’ आणि ‘ष’ यांतला फरक, वाक्यातील नेमक्या शब्दावरील जोर, स्वल्पविरामाएवढी विश्रांती, यांची सवय आकाशवाणीइतकी दुसरीकडे लागत नाही.

तिसरे विद्यालय दूरदर्शनचे. मुंबई केंद्राच्या आरंभीच्या काळात त्या मराठी बातम्या देत असत. पहिल्या विद्यालयात शरीर शिकले, दुसऱ्यात आवाज शिकला. तिसऱ्यात या दोहोंना आवरावयास शिकावे लागले. कॅमेरा इतका जवळ असतो की रंगभूमीवर जी भुवई शेवटच्या रांगेसाठी उचलावी लागते, तीच भुवई येथे उचलली तर नाटकी दिसते. म्हणून मनात सर्व काही असावे आणि चेहऱ्यावर त्याची फक्त चाहूल लागावी, हा संयम येथे अंगी बाणतो.

ही तिन्ही विद्यालये एकाच अभिनेत्रीच्या वाट्याला आली, आणि त्यांचा मेळ कोठे बसला हे पाहावयाचे असेल तर ‘ती फुलराणी’कडे वळावे लागते. बर्नार्ड शॉच्या ‘पिग्मॅलियन’ या नाटकाचे हे मराठी रूप पु. ल. देशपांडे यांनी केले, आणि १९७५ साली ते रंगभूमीवर आले. भक्तीबाई फुले विकणारी मंजुळा झाल्या आणि सतीश दुभाषी भाषापंडित प्राध्यापक. अडाणी बोलीची मुलगी. तिला शुद्ध बोलावयास शिकवून उच्चभ्रू समाजात खपवून दाखवीन, अशी पैज एक पंडित मारतो, आणि ती मुलगी भाषेबरोबर आपला स्वाभिमानही मिळवते, अशी ती कथा.

आता जरा थांबून विचार करावा. जी अभिनेत्री दूरदर्शनवरून घराघरांत प्रमाण मराठीत बातम्या देत होती, तीच रात्री रंगभूमीवर रस्त्यावरच्या मुलीची रांगडी बोली बोलत होती, आणि त्याच प्रयोगात त्या बोलीपासून प्रमाण भाषेपर्यंतचा सर्व प्रवास प्रेक्षकांसमोर करून दाखवीत होती. शुद्ध उच्चार कसा करावयाचा हे जिला पूर्ण ठाऊक आहे, तिलाच तो कोठे व कसा मोडतो हे अचूक दाखविता येते. प्राध्यापकावर चिडलेल्या मंजुळेचे जे स्वगत मराठी माणसाच्या तोंडी बसले, त्याची ताकद ओरडण्यात नव्हती. राग चढत जातो, मध्येच रडू येते, त्यातून खोडकर स्वप्न फुटते आणि पुन्हा राग उसळतो. ही सर्व वळणे एका श्वासाच्या अंतराने, आणि प्रत्येक शब्द स्वच्छ. बालरंगभूमीची ऊर्जा, आकाशवाणीचा आवाज आणि कॅमेऱ्यापुढचा संयम तेथे एकत्र आले होते. त्या स्वगताचे चित्रमुद्रण आजही पाहावयास मिळते. ते पाहताना ध्यानात ठेवावे की ते रंगमंचावर गाजलेले काम आता कॅमेऱ्याच्या जवळिकीत उभे आहे, आणि तरीही ते भडक वाटत नाही.

वऱ्हाडातील प्रेक्षकाला या गोष्टीचे मोल इतरांहून अधिक कळावे. येथून पुण्या-मुंबईस शिकावयास गेलेल्या मुलांना ‘तुमची भाषा अशी कशी?’ हा प्रश्न अद्यापि ऐकावा लागतो. मंजुळेचा राग त्यांना समजावून सांगावा लागत नाही. आणि भक्तीबाईंनी बोलीला हसण्याचा विषय होऊ दिले नाही, याचा दुसरा पुरावाही आहे. दूरदर्शनसाठी त्यांनी बहिणाबाईंची भूमिका केली. बहिणाबाई चौधरी (१८८०-१९५१) जळगावजवळच्या असोद्याच्या. आपल्या चांदूरहून गाडी मुंबईकडे निघाली की भुसावळच्या पुढे जो मुलूख लागतो, तो त्यांचा. कापूस, विहीर, जाते, घरोट हे त्यांचे जग आपल्या वऱ्हाडी कानाला परके नाही. सांगलीत जन्मलेल्या व मुंबईत नाव मिळवलेल्या अभिनेत्रीने ही शेतकरीण उभी करावयाची, तर तिच्या बोलीला आदराने कवेत घेतल्यावाचून ते साधणार नव्हते. ते साधले, असेच ज्यांनी ते पाहिले त्यांचे मत पडले.

पुढे त्यांनी ‘जाने भी दो यारों’ (१९८३) या हिंदी चित्रपटात शोभा सेन ही धूर्त संपादिका रंगविली. ‘आई रिटायर होतेय’ मधील आई आणि ‘गांधी विरुद्ध गांधी’ मधील कस्तुरबा या त्यांच्या भूमिका रंगभूमीवर नावाजल्या गेल्या. १९९० साली संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार त्यांना मिळाला. १९९६ साली त्यांचे पती, अभिनेते शफी इनामदार यांचे निधन झाले. त्यानंतरही त्यांनी काम सोडले नाही. ‘पु. ल., फुलराणी आणि मी’ हा कार्यक्रम त्या करीत असत. १२ फेब्रुवारी २००१ रोजी वाईहून मुंबईकडे परतत असता मुंबई-पुणे द्रुतगती मार्गावर मोटारीच्या अपघातात त्यांचा अंत झाला. वय अवघे बावन्न.

काय उरले, काय गेले

मुंबई दूरदर्शनच्या त्याच बातम्यांच्या मेजावरून आणखी एक मुलगी पुढे आली होती. तिचे नाव स्मिता पाटील. बातम्या देताना तिला पाहूनच श्याम बेनेगलांचे लक्ष तिच्याकडे गेले, आणि ती चित्रपटांत गेली. १३ डिसेंबर १९८६ रोजी, वयाच्या एकतिसाव्या वर्षी तिचे निधन झाले. इतके अल्प आयुष्य, तरी तिचे चित्रपट आज कोणालाही पाहता येतात. भक्तीबाईंना तिच्याहून एकवीस वर्षे अधिक आयुष्य मिळाले. पण त्यांचे बहुतेक काम रंगभूमीवर व थेट प्रक्षेपणात झाले, आणि म्हणून ते हवेत विरून गेले. दोघींच्या गुणांची तुलना करण्याचा हेतू नाही. एकीने ज्या माध्यमात काम केले त्याला स्मृती होती. दुसरीच्या माध्यमाला ती नव्हती, एवढेच दाखवावयाचे आहे.

आपण तर या बाबतीत दुहेरी वंचित. मुंबई केंद्राचे ते पहिले दिवस मुंबईकरांनी व पुणेकरांनी निदान एकदा तरी पाहिले. वऱ्हाडच्या घरांत दूरचित्रवाणी आली ती ऐंशीच्या दशकात. तोवर आपल्याकडे नागपूर आकाशवाणी होती, गावोगाव येणारी नाटके होती, दंडार होती, कीर्तने होती. सुमारे सातशे किलोमीटरांवर वरळीत एक मुलगी मान वर करून बातमी सांगत होती तेव्हा चांदूरच्या एकाही घरात ती दिसत नव्हती, आणि पुढे आपल्याकडे पडदा आला तोवर ते क्षण संपले होते.

यातून आपण काय घ्यावयाचे? एक गोष्ट नाटक करणाऱ्या तरुणांसाठी. आज प्रत्येकाच्या खिशात कॅमेरा आहे, आणि चुकले तर पुसून पुन्हा घेता येते. ही सोय वाईट नाही. परंतु तिची सवय लागली की तालीम ढिली पडते. महाराष्ट्र राज्य नाट्य स्पर्धेत उतरू पाहणाऱ्या आपल्या भागातील मंडळींनी एक प्रयोग करून पाहावा. संपूर्ण एकांकिका मध्ये न थांबता, एकाच दमात, कॅमेऱ्यापुढे करावी. कोणी वाक्य विसरले तर दुसऱ्याने सावरावे, थांबावयाचे नाही. मग ते चित्रण सर्वांनी मिळून पाहावे. कोण दुसऱ्याचे ऐकत होता आणि कोण केवळ आपल्या वाक्याची वाट पाहत उभा होता, हे त्यात लगेच दिसते.

दुसरी गोष्ट सर्वांसाठी. पूर्वी साठवण्याचे साधन नव्हते किंवा परवडत नव्हते, म्हणून मोठमोठ्यांचे काम नाहीसे झाले. आज ते कारण राहिलेले नाही. आपल्या तालुक्यात दंडार करणारे वृद्ध आहेत, जात्यावरच्या ओव्या पाठ असलेल्या आजीबाई आहेत. येथून जवळच असलेल्या गुरुकुंज मोझरीला तुकडोजी महाराजांचे खंजिरी भजन प्रत्यक्ष समोर बसून ऐकलेली माणसे आहेत. महाराज १९६८ साली गेले, म्हणजे त्यांतील सर्वांत लहान मूलही आता साठीच्या पलीकडे आहे. त्यांना बोलते करावे, त्यांच्याच बोलीत बोलू द्यावे, मध्ये सुधारू नये, आणि ते मुद्रित करून गाव, नाव व तारखेसह गावच्या वाचनालयात ठेवावे. वरळीच्या स्टुडिओतील गेलेले क्षण आपल्या हाती येणार नाहीत. पण आपल्या ओसरीवर बसलेला माणूस अजून बोलतो आहे. उन्हाळ्याच्या सुटीत मुले घरी असतात, त्यांना या कामी लावावे, एवढीच विनंती करून हा विषय येथे पुरा करतो.